ग्रँट डफचा नातू ड्रेस्डेनला काय करत होता?

प्रश्न थोडक्यात असा आहे: "जर्मनी १८७१ मध्ये एक झाला. राजधानी बर्लिन, तिथे ब्रिटनचा राजदूत होताच. मग १९०९ ते १९१४ या काळात आर्थर ग्रँट डफ ड्रेस्डेनला ब्रिटनचा 'मिनिस्टर रेसिडेंट' होता, हे कसं? हे पद साताऱ्याच्या रेसिडेंटसारखंच का? आणि हा ग्रँट डफ आपल्या बखरवाल्या ग्रँट डफचा कोण?"

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर सोपं आहे, म्हणून ते आधी. नातू. जेम्स ग्रँट डफ १८१८ पासून साताऱ्यात प्रतापसिंह महाराजांच्या दरबारी इंग्रजांचा रेसिडेंट होता आणि त्याचा मराठ्यांचा इतिहास १८२६ मध्ये तीन खंडांत निघाला. त्याने मुलाचं नाव मुंबईच्या गव्हर्नरावरून माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन असं ठेवलं. हा मुलगा १८८१ ते १८८६ मद्रासचा गव्हर्नर होता. चेन्नईची मरीना ही त्याचीच कल्पना. त्याचा थोरला मुलगा आर्थर परराष्ट्र खात्यात गेला, क्यूबाहून ड्रेस्डेनला आला आणि पहिलं महायुद्ध सुरू होईपर्यंत तिथे होता. ड्रेस्डेन ही सॅक्सनी या जर्मन राज्याची राजधानी, आणि सॅक्सनीच्या राजाकडे ब्रिटनने पाठवलेला तो शेवटचा वकील.

'वकील' हा शब्द मी मुद्दाम वापरतोय. आपल्याकडे दिल्लीत हिंगणे आणि हैदराबादेत गोविंदराव काळे पेशव्यांचे वकील होते. ते कोर्टात उभे राहत नव्हते. दरबारात बसत होते, कोण कोणाला भेटलं ते पाहत होते, आणि रोज रात्री पुण्याला पत्र लिहीत होते. ड्रेस्डेनच्या इंग्रज वकिलाचं काम याहून फार वेगळं नव्हतं. गेली पंचवीसेक वर्षं मी दोन्ही बाजूंचे असे कागद वाचतो आहे, आणि तक्रारीसुद्धा सारख्याच सापडतात: पैसे वेळेवर येत नाहीत, वरून उत्तर येत नाही, आणि इथला खर्च तुम्हाला तिथे बसून कळणार नाही.

आता 'रेसिडेंट'. या शब्दाने मला एकदा तोंडघशी पाडलं आहे. एका दिवाळी अंकासाठी लिहिताना मी 'मिनिस्टर रेसिडेंट'चं सरळ 'रेसिडेंट' केलं. संपादकांनी त्यावरून खाली टीप टाकली की सॅक्सनी तेव्हा इंग्रजांचं मांडलिक होतं. पंधरा दिवसांत एका निवृत्त शिक्षकांचं पोस्टकार्ड आलं, दोन ओळींचं, आणि त्या दोन ओळी मला पुरल्या. चूक माझीच होती, टीप फक्त तिचं पिल्लू.

युरोपात जुन्या काळी दोन प्रकारचे वकील असत. एक खास कामगिरीवर आलेला, तह झाला की परत जाणारा. दुसरा तिथेच राहणारा. राहणारा तो रेसिडेंट. मान कमी, पगार कमी, मिरवणुकीत मागे. कंपनीने हिंदुस्थानातल्या दरबारांत माणसं बसवायला सुरुवात केली तेव्हा हाच शब्द उचलला. १७८६ मध्ये पुण्यात आलेला मॅलेट बऱ्याच अंशी खरा वकील होता, त्याला समोरच्या दरबाराचं मन राखावं लागे. पण तैनाती फौज आली की शब्द तोच राहिला आणि अर्थ उलटा झाला. साताऱ्यात तर ग्रँट डफ पहिली चार वर्षं राज्यच चालवत होता. १८२२ मध्ये कारभार महाराजांच्या हाती दिला गेला.

युरोपात शब्दाची गोष्ट वेगळीकडे गेली. व्हिएन्नाच्या परिषदेत १८१५ मध्ये वकिलांच्या तीन पायऱ्या ठरल्या: राजदूत, मग 'असाधारण दूत आणि पूर्णाधिकारी मंत्री' असं लांबलचक नाव असलेला दूत, आणि खाली शार्ज द'अफेअर, म्हणजे कारभार सांभाळणारा. नोव्हेंबर १८१८ मध्ये आखेनला पुन्हा बैठक झाली आणि दुसऱ्या-तिसऱ्या पायरीच्या मध्ये 'मिनिस्टर रेसिडेंट' घुसवला. म्हणजे ज्या साली सातारचा दरबार ग्रँट डफच्या देखरेखीखाली आला, त्याच साली त्याच्या नातवाच्या हुद्द्याचा जन्म झाला. आजोबा हुकूम देऊ शकत होता. नातवाला ड्रेस्डेनमध्ये एक शिपाईदेखील हलवता आला नसता.

हुद्द्यावर एवढं बोलतोय याला कारण आहे. एखाद्या छोट्या राज्याला मोठं राज्य किती मोजतं हे तहांच्या भाषेवरून कळत नाही, तिथे कोणत्या पायरीचा माणूस पाठवला यावरून कळतं. सॅक्सनीला ब्रिटनने राजदूत पाठवला नाही. दूत पाठवला, मग शार्ज द'अफेअर, मग मिनिस्टर रेसिडेंट. दोनशे वर्षांचा चढउतार या तीन शब्दांत आहे.

चढ आधी. सॅक्सनीचा शासक तेव्हा 'इलेक्टर' होता, म्हणजे पवित्र रोमन सम्राट निवडणाऱ्या मोजक्या संस्थानिकांपैकी एक. त्याचं मत हवं असे, त्याचे सैनिक भाड्याने हवे असत, आणि लाइप्झिगच्या जत्रेतून इंग्रजी माल पोलंड-रशियापर्यंत जाई. १६९० च्या दशकात तिथे गेलेला जॉर्ज स्टेपनी कवी होता आणि जर्मन दरबारांचा जाणकार म्हणून त्याचं नाव होतं. १६९७ मध्ये तिथला ऑगस्टस कॅथलिक झाला आणि पोलंडचा राजा म्हणून निवडून आला. त्यानंतर १७६३ पर्यंत, मधली काही वर्षं सोडली तर, ड्रेस्डेन आणि वॉर्सा एकाच माणसाच्या हाताखाली होते. त्यामुळे लंडनच्या दप्तरात या काळातली सॅक्सनी वेगळी सापडतच नाही, ती 'पोलंड' या गठ्ठ्यात आहे. नवीन अभ्यासक हमखास इथे अडतो.

वकिलालाही दरबाराच्या मागे फिरावं लागे. आज ड्रेस्डेन, उद्या वॉर्सा, पेटारे बांधा, घोडे बदला. त्यात आणखी एक गुंता. १७१४ पासून इंग्लंडचा राजा स्वतः हॅनोव्हरचा इलेक्टर, म्हणजे जर्मन संस्थानिकच. हॅनोव्हरची वकिलात वेगळी, मंत्री वेगळे, कधीकधी धोरणही वेगळं. एकाच राजाची दोन माणसं दोन सुरांत बोलताहेत असं ड्रेस्डेनच्या दरबाराला वाटलं तर त्यात नवल नव्हतं. शिवाय हॅनोव्हरच्या हद्दीत नीनबुर्ग आणि सेले इथे टपाल गुपचूप उघडून नकलण्याची ठाणी होती, त्याचा फायदा लंडनला मिळे. सगळेच सगळ्यांची पत्रं वाचत होते.

असं एक पत्र प्रत्यक्ष कसं दिसतं ते सांगतो. जाड, हाताने बनवलेला कागद, कडा खडबडीत. वर ठिकाण आणि तारीख. सुरुवातीचे दोन परिच्छेद साध्या अक्षरात: राजा शिकारीला गेला, राणीला सर्दी झाली. मग अचानक अक्षरं थांबतात आणि अंकांची रांग सुरू होते. त्या अंकांच्या डोक्यावर, दोन ओळींमधल्या चिंचोळ्या जागेत, लंडनच्या कारकुनाने मुंगीएवढ्या अक्षरात अर्थ उलगडून लिहिलेला असतो. तुम्ही आधी त्या मुंग्या वाचायच्या. सर्दीच्या बातमीत काही नसतं. ती टपाल फोडणाऱ्याने वाचावी म्हणूनच लिहिलेली असते.

या काळातले दोन वकील मला महत्त्वाचे वाटतात. थॉमस व्हिलियर्सने १७४५ च्या नाताळात प्रशिया, सॅक्सनी आणि ऑस्ट्रिया यांच्यात ड्रेस्डेनचा तह घडवून आणायला मदत केली. सॅक्सनीतल्या इंग्रज वकिलाच्या हातून झालेलं सगळ्यात ठोस काम बहुधा हेच. त्याच्यामागून १७४७ मध्ये सर चार्ल्स हॅनबरी विल्यम्स आला. हा उपहासाच्या कविता करणारा, पत्रं वाचनीय, पण जिभेला हाड नाही. मधे त्याला बर्लिनला पाठवलं तर प्रशियाचा राजा फ्रेडरिक दुसरा याच्याशी त्याचं जमेना, पुन्हा ड्रेस्डेनला आणावं लागलं. १७५१ मध्ये सॅक्सनीशी झालेला पैशांचा करार त्याच्याच काळातला: इलेक्टरचं मत आपल्या बाजूला राहावं म्हणून इंग्लंड आणि डच मिळून सॅक्सनीला दरसाल रक्कम देणार. १७५५ मध्ये तो सेंट पीटर्सबर्गला गेला तेव्हा पोनियातोव्स्की नावाच्या एका देखण्या पोलिश तरुणाला बरोबर घेऊन गेला. तो पुढे रशियाच्या कॅथरीनचा प्रियकर झाला आणि त्याहून पुढे पोलंडचा शेवटचा राजा.

हॅनबरी विल्यम्सनंतर आलेल्या लॉर्ड स्टॉर्मंटच्या नशिबी १७५६ होतं. ऑगस्टच्या अखेरीस फ्रेडरिक सॅक्सनीत घुसला. सॅक्सनीच्या गुप्त दप्तरात मेंझेल नावाचा कारकून होता. तो १७५३ पासून प्रशियाच्या वकिलाला कागदांच्या नकला विकत होता, त्यामुळे कोणतं कपाट उघडायचं हे प्रशियन अधिकाऱ्यांना ठाऊक होतं. राणी मारिया जोसेफा स्वतः दप्तराच्या दारापुढे उभी राहिली. तिला बाजूला व्हावं लागलं. त्या कागदांचा छापील गोषवारा काढून फ्रेडरिकने युरोपला सांगितलं की बघा, हे माझ्याविरुद्ध कट करत होते, मी फक्त आधी हात उचलला. मेंझेलचं उरलेलं आयुष्य कैदेत गेलं.

स्टॉर्मंटची अडचण समजून घ्या. ज्या राजाच्या दरबारी तो नेमलेला, तो आक्रमणाचा बळी. आणि ज्याने आक्रमण केलं तो इंग्लंडचा मित्र. त्याने मध्यस्थीचा प्रयत्न केला, पण पिर्नाच्या छावणीत अडकलेल्या सॅक्सन फौजेने ऑक्टोबरात शस्त्रं ठेवली. राजा वॉर्साला निघून गेला, मागोमाग वकीलही. तिथेच १७५९ मध्ये स्टॉर्मंटने सॅक्सन घराण्यातल्या हेन्रिएटा फॉन ब्युनाउशी लग्न केलं. त्यांची मुलगी एलिझाबेथ आई गेल्यावर लंडनजवळ केनवूडला वाढली, डायडो बेल नावाच्या कृष्णवर्णीय नातलग मुलीबरोबर. दोघींचं एकत्र चित्र आज प्रसिद्ध आहे. त्यातली गोरी मुलगी म्हणजे सॅक्सनीच्या वकिलातीचं एक अपत्यच.

१७६३ मध्ये पोलंड सुटलं आणि ड्रेस्डेनचा भाव उतरला. तरणी किंवा गैरसोयीची माणसं आता इथे येऊ लागली. लॉर्ड चेस्टरफील्डने आपल्या अनौरस मुलाला दरबारी शिष्टाचार शिकवायला चारशेहून अधिक पत्रं लिहिली, तो फिलिप स्टॅनहोप १७६४ मध्ये इथे आला. बापाने आयुष्यभर ऐटबाज चाल शिकवली, मुलगा लाजाळू आणि अडखळणाराच राहिला. १७६८ मध्ये तो वारला तेव्हा बापाला कळलं की त्याने गुपचूप लग्न केलं होतं आणि दोन मुलंही होती. ज्या माणसाला घरचं गुपित इतकं नीट सांभाळता आलं, तो वकील म्हणून तितका वाईट नसावा, असं माझं मत. त्याच्या मागून आलेल्या रॉबर्ट मरे कीथचं नाव झालं ते पुढे कोपनहेगनला.

पण ड्रेस्डेनचा खरा नमुना म्हणजे ह्यू इलियट. हा बर्लिनला असताना, १७७७ मध्ये, बंडखोर अमेरिकनांचा प्रतिनिधी आर्थर ली तिथे आला. इलियटच्या नोकराने लीच्या खोलीतून कागद उचलले, इंग्रजांनी भराभर नकला केल्या, आणि मूळ कागद परत गेले. गवगवा झाला. लंडनने वरवर कान उपटले, आतून पाठ थोपटली. तिथलाच दुसरा किस्सा आपल्या जवळचा आहे. १७८० मध्ये हैदर अलीने कर्नाटकात इंग्रजांची दाणादाण उडवली. इकडे नाना फडणीसांच्या चौकडीत तो सामील होता. तेव्हा फ्रेडरिकने इलियटला खोचकपणे विचारलं, म्हणे, हिंदुस्थानात तुमचा इतका छान बंदोबस्त करणारा हा हैदर अली कोण? इलियट म्हणाला, महाराज, एक म्हातारा हुकूमशहा आहे. शेजाऱ्यांना फार लुटलं त्याने, पण देवाच्या दयेने आता त्याला भ्रम व्हायला लागलाय. समोर बसलेला फ्रेडरिकही म्हाताराच होता आणि शेजाऱ्यांना लुटण्यात कमी नव्हता. किस्सा पॉलिश होत होत आला असेल, पण इलियटच्या तोंडी शोभतो.

१७९२ ते १८०३ हा माणूस ड्रेस्डेनला होता. ऑक्टोबर १८०० मध्ये नेल्सन नेपल्सहून घरी परतताना आठवडाभर इथे उतरला. बरोबर सर विल्यम हॅमिल्टन, त्याची बायको एमा आणि एमाची आई. इलियटवर दुहेरी संकट. नेल्सन देशाचा वीर, त्याचं स्वागत करायलाच हवं. पण एमाचा पूर्वेतिहास माहीत असलेली इलेक्टरची राणी तिला भेटायला तयार नाही. हे नेल्सनला सांगितलं तेव्हा तो म्हणाला की तसं काही झालंच तर लेडी हॅमिल्टन इलेक्टरला एका ठोशात लोळवेल. हे सगळं आपल्याला मेलेसिना सेंट जॉर्ज नावाच्या तरुण विधवेच्या रोजनिशीतून कळतं. ती तेव्हा इलियटांच्या घरी जात-येत होती. जेवणं, गाणी, एमाची शाली गुंडाळून घेतलेली पुतळ्यांची सोंगं, शॅम्पेन, हे सगळं तिने टिपलं आहे. पाहुणे एल्बे नदीवर होडीत बसले आणि इलियट त्यांना पोहोचवून परतला. मग त्याने होडीवरच्या प्रसंगाची नक्कल करून दाखवली: होडीत पाय ठेवताच कला संपली, मोलकरीण विसरलेल्या शिध्यावरून फ्रेंचमध्ये भांडायला लागली, एमा आयरिश रस्सा पाहिजे म्हणून ओरडायला लागली, आणि म्हातारी आई बटाटे धुवायला बसली. छान धुतले म्हणे.

वकिलातीच्या सरकारी पत्रांत हे काही येत नाही. तिथे फक्त एवढंच की पाहुणे आले आणि गेले. म्हणून मी नव्या मंडळींना सांगतो, सरकारी गठ्ठा वाचा, पण गावात त्या वेळी रोजनिशी लिहिणारी एखादी बाई होती का तेही शोधा.

इलियट पुढे नेपल्सला गेला, तिथे अति शहाणपणा केला म्हणून परत बोलावला गेला, वेस्ट इंडीजमध्ये काही वर्षं काढली, आणि १८१४ मध्ये मद्रासचा गव्हर्नर झाला. त्याच्या कारकिर्दीत, डिसेंबर १८१७ मध्ये, मद्रासचा सरसेनापती हिस्लॉप महिदपूरला होळकरांशी लढला आणि पुढच्या वर्षी पेशवाई बुडाली. बर्लिनमध्ये हैदरवर कोटी करणारा आणि ड्रेस्डेनमध्ये नेल्सनला जेवू घालणारा हा गृहस्थ त्या वेळी मद्रासच्या किल्ल्यात होता. त्याचा थोरला भाऊ लॉर्ड मिंटो त्याआधी हिंदुस्थानचा गव्हर्नर जनरल होऊन गेला होता, हे वेगळं.

पुढची पन्नास वर्षं भरभर. इलियटच्या जागी लॉर्ड ग्रेनव्हिलचा भाचा हेन्री विल्यम्स-विन आला तेव्हा तो वीस वर्षांचा होता. सॅक्सनीला तेव्हा किती गंभीरपणे घेतलं जात होतं ते यावरून दिसतं. १८०६ मध्ये येनाची लढाई झाली, सॅक्सनी नेपोलियनच्या बाजूला गेली आणि बक्षीस म्हणून राज्याचा दर्जा मिळाला. वकिलात बंद. १८१३ मध्ये लाइप्झिगला नेपोलियन हरला, सॅक्सनीचा राजा पकडला गेला. व्हिएन्नात प्रशियाला अख्खी सॅक्सनी हवी होती. इंग्लंडचा परराष्ट्रमंत्री कॅसलरे आधी कबूलही झाला होता, मग ३ जानेवारी १८१५ ला त्यानेच ऑस्ट्रिया आणि फ्रान्सशी गुप्त करार करून प्रशियाला अडवलं. शेवटी निम्म्याहून जास्त मुलूख गेला, राजा वाचला. १८१६ मध्ये जॉन फिलिप मोरिए नवा दूत म्हणून आला. १८३२ पासून फ्रान्सिस फोर्ब्स तिथे होता आणि १८५८ पर्यंत हलला नाही. मे १८४९ च्या ड्रेस्डेनच्या उठावात रशियन क्रांतिकारक बाकुनिन आणि संगीतकार वाग्नर रस्त्यावर होते, तेव्हाही वकिलातीत फोर्ब्सच.

मग १८५९ मध्ये चार्ल्स मरे. याला लंडनमध्ये 'पाणघोडा मरे' म्हणत, कारण इजिप्तमध्ये असताना त्याने १८५० मध्ये लंडनच्या प्राणिसंग्रहालयाला एक पाणघोडा मिळवून दिला होता. त्यानंतर तेहरानला गेला आणि शाहच्या दरबाराशी एका मिर्झाच्या नेमणुकीवरून आणि त्या मिर्झाच्या बायकोवरून असा बिनसला की डिसेंबर १८५५ मध्ये वकिलात गुंडाळून निघाला. त्याचं पर्यवसान युद्धात झालं. ते युद्ध लढायला फौज गेली ती मुंबई बंदरातून, आउट्रमच्या हाताखाली, आणि परतली ती थेट १८५७ च्या धुमाळीत. एवढा उपद्व्याप केलेल्या माणसाला कुठे पाठवायचं? जिथे तो काही बिघडवू शकणार नाही तिथे. ड्रेस्डेन.

आता मूळ प्रश्न. १८६६ मध्ये सॅक्सनी ऑस्ट्रियाच्या बाजूने लढली आणि हरली. ऑक्टोबरात तह झाला, सॅक्सनी बिस्मार्कच्या उत्तर जर्मन संघात आली, आणि परराष्ट्र धोरण बर्लिनच्या हाती गेलं. मरे कोपनहेगनला निघाला आणि त्याच्यामागे दूताची पायरी गेली, शार्ज द'अफेअर आला. पण वकिलात बंद झाली नाही. १८७१ च्या साम्राज्याच्या घटनेने जर्मनीच्या वतीने वकील नेमण्या-स्वीकारण्याचा अधिकार कैसरला दिला, मात्र घटक राज्यांचा तोच अधिकार काढून घेतला नाही. म्हणजे जर्मन साम्राज्य हा राजांचा संघ होता, राजे गेले नव्हते. बव्हेरियाचा राजा, सॅक्सनीचा राजा, वुर्टेम्बर्गचा राजा हे आपापल्या दरबारी परदेशी वकील ठेवू शकत होते, आणि सॅक्सनीचं स्वतःचं परराष्ट्र खातंही १९१८ पर्यंत टिकलं. कागदावर हे विचित्र दिसतं, तेव्हाच्या लोकांना तितकं वाटत नव्हतं. राजा आहे तर त्याच्याकडे राणीचा माणूस असायचाच.

लंडनच्या संसदेत मात्र काही सभासद दर थोड्या वर्षांनी विचारत, या चिमुकल्या जर्मन दरबारांवर पैसे कशाला? सरकारची उत्तरं गुळमुळीत असत. खरी कारणं माझ्या वाचनाप्रमाणे दोन. पहिलं घरगुती: ड्रेस्डेनच्या वकिलाकडे कोबुर्गचा दरबारही सोपवला जाई, आणि कोबुर्ग म्हणजे प्रिन्स अल्बर्टचं माहेर. १८९३ मध्ये तर व्हिक्टोरियाचा मुलगा आल्फ्रेडच तिथला ड्यूक झाला. असा पाव्हणा-रावळा असल्यावर कोण वकिलात बंद करणार? दुसरं कारण बातमीचं. बर्लिनचा राजदूत कैसर आणि चान्सेलर यांच्यात अडकलेला. जर्मनीत बर्लिनबाहेर काय शिजतंय ते सांगायला म्युनिक, ड्रेस्डेन, श्टुटगार्ट इथले लोक लागत.

आणि ड्रेस्डेनमध्ये सांगण्यासारखं बरंच होतं. कापडगिरण्या, यंत्रं, दाट कामगारवस्ती, म्हणून या भागाला 'लाल सॅक्सनी' म्हणत. १९०३ च्या साम्राज्याच्या निवडणुकीत सॅक्सनीच्या २३ पैकी २२ जागा समाजवाद्यांनी जिंकल्या. त्याच सॅक्सनीच्या स्वतःच्या विधिमंडळात मात्र १८९६ च्या कायद्याने तीन वर्गांचं मतदान होतं, श्रीमंताचं मत जड आणि कामगाराचं हलकं. १९०९ मध्ये ते बदलून एका माणसाला एकाहून अधिक मतं देणारी पद्धत आणली. एकच मतदार, दोन पेट्या, दोन उलटे निकाल. जर्मनी आतून कुठे तडकतोय ते पाहायला याहून चांगली खिडकी नव्हती. बर्लिनमधून ती दिसत नसे.

या शेवटच्या काळातल्या माणसांची नावं मराठी वाचकाने जरा थांबून वाचावीत. १८७० च्या दशकापासून १८९७ पर्यंत जॉर्ज स्ट्रेची. १८९० मध्ये तो शार्जचा मिनिस्टर रेसिडेंट झाला. त्याचा बाप एडवर्ड हा एल्फिन्स्टनचा सोबती, दोघे तरुणपणी एकत्र प्रवास करत पुण्याला आले होते. १९०१ ते १९०७ व्हायकाउंट गॉफ. त्याचा आजोबा म्हणजे डिसेंबर १८४३ मध्ये महाराजपूरला शिंद्यांची फौज मोडणारा सर ह्यू गॉफ. मग दोन वर्षं मॅन्सफेल्ट फिंडले, जो आदल्या वर्षी कैरोत दिनशवाईच्या बदनाम खटल्याच्या वेळी कारभार पाहत होता. आणि मग ग्रँट डफ. यात कट वगैरे काही नाही. त्या काळी परराष्ट्र खात्यात शिरायला पैसा आणि ओळख लागे, आणि हिंदुस्थानात नाव कमावलेल्या घराण्यांकडे दोन्ही असे. आजोबांनी पुणे-सातारा-ग्वाल्हेर पाहिलं, नातवांनी ड्रेस्डेनच्या ऑपेरात बॉक्स घेतला.

आर्थर ग्रँट डफ रोज काय करत असेल? ड्रेस्डेनमध्ये इंग्रज-अमेरिकनांची मोठी वस्ती होती, त्यांचं वेगळं चर्च, संगीत शिकायला आलेली पोरं, पेन्शनीत स्वस्त गाव म्हणून राहिलेले कर्नल. त्यांचे पासपोर्ट, वारसाहक्क, भांडणं. दरबारात नववर्षाची हजेरी. निवडणुका, कर, लष्करी सराव यांवर अहवाल. मग ४ ऑगस्ट १९१४. युद्ध पुकारलं गेलं ते जर्मन साम्राज्याशी, पण सॅक्सनी त्यातच आली आणि वकिलात बंद झाली. १३ नोव्हेंबर १९१८ ला राजा फ्रीडरिक आउगुस्ट तिसरा पायउतार झाला आणि वकील पाठवायला दरबारच उरला नाही.

कोणाला मूळ कागद पाहायचे असतील तर लंडनजवळ क्यू इथल्या राष्ट्रीय अभिलेखागारात जावं लागेल. १७८२ मध्ये परराष्ट्र खातं निघालं, त्याआधीचा जुना काळ 'एसपी ८८' (स्टेट पेपर्स) मध्ये, पोलंडसकट. त्यानंतरची सॅक्सनी 'एफओ ६८' (फॉरिन ऑफिस) मध्ये. ग्रँट डफ मात्र तिथे शोधू नका. ती मालिका १९०५ ला संपते. १९०६ पासून लंडनच्या कारकुनांनी सगळे राजकीय कागद 'एफओ ३७१' या एका मालिकेत देशवार लावायला सुरुवात केली, आणि ड्रेस्डेनहून आलेली पत्रं 'जर्मनी' या गठ्ठ्यात जाऊ लागली. तो तिथे रुजू होण्याच्या तीन वर्षं आधीपासून.